गाडीभर मर्यादवेल

आमच्या घरी एक भांडण वर्षानुवर्षं चाललं, आणि ते मिटावं असं कुणाला कधी वाटलंच नाही. बाबा म्हणायचे, "आपण वाळूत राहायला आलो." आई म्हणायची, "आपण कुठले? वाळू आपल्यात राहायला आली." आणि खरं सांगू का, आईचं म्हणणं जास्त पटायचं. पदरात वाळू, वेणीत वाळू, मिठाच्या बरणीत वाळू. रविवारी मिस्साला देवळात गुडघे टेकले की माझ्या आणि माझ्या मोठ्या बहिणीच्या, सेसूच्या, फ्रॉकच्या घडीतून इतकी वाळू सांडायची की मागच्या बाकावरच्या बाया एकमेकींना कोपरानं ढोसायच्या. एकदा तर फादरनी प्रवचन थांबवून खाली पाहिलं आणि पुन्हा सुरू केलं. सेसू लाजून लाल. मला मात्र तेव्हाही मजा वाटायची. आमच्यासारखं कुणी नव्हतं ना! सगळ्या देवळात स्वतःची जमीन अंगावर घेऊन आलेली माणसं आम्हीच.

आम्ही मूळचे वसईतल्या निर्मळकडच्या वाडीतले. वाडी म्हणजे काय ते तिकडच्या माणसाला सांगावं लागत नाही, बाकीच्यांसाठी सांगते. पाऊल टाकाल तिथे ओल, डोक्यावर केळीची पानं, ऊन खाली पोचायचं ते चाळणीतून गाळल्यासारखं. माझे थोरले काका, पास्कूकाका, म्हणायचे की इथे चमचा पुरला तर पळी उगवेल. तीन भाऊ, त्यांच्या बायका, आम्ही सगळी पोरंबाळं, आणि चूल एक. त्या चुलीवर राज्य थोरल्या काकीचं. काकी वाईट नव्हती हो, तिच्या हातच्या तळलेल्या गोड फुग्यांची चव अजून माझ्या जिभेवर आहे. पण कालवणात मीठ किती ते तिनं ठरवायचं, चूल कधी पेटायची ते तिनं ठरवायचं. आईनं लग्न होऊन आल्यापासून त्या घरात भाकऱ्या थापल्या, तरी पिठाच्या डब्याला हात लावायचा तर विचारून. आई तोंडानं कधी काही बोलली नाही. फक्त तिला स्वतःची चूल हवी होती, आणि ही गोष्ट बाबांना ठाऊक होती, आम्हा मुलींना ठाऊक होती, कोंबड्यांनासुद्धा ठाऊक असावी.

वाडीचे तुकडे करून भागण्यासारखं नव्हतं. मग बाबांनी मागून घेतली ती कुणालाच नको असलेली जमीन, कळंबच्या किनाऱ्यामागची रेताड पट्टी, जी माझ्या आजोबांनी कधीतरी गुरं सोडायला म्हणून घेऊन ठेवली होती आणि जिथे गुरांनीही जायचं सोडून दिलं होतं. पास्कूकाका कपाळाला हात लावून बसले. "इनास, त्या रेतीत गाढवसुद्धा लोळायला जात नाही. तू पोरी घेऊन जाणार?" पण बाबांनी ऐकलं नाही तेव्हा काकांनी एक अट घातली, आणि ती प्रेमापोटीच घातली हे मी आता म्हातारपणी सांगू शकते. "येत्या ईस्टरपर्यंत बघ. बाजारात न्यायला माल निघाला तर राहा तिथे. नाही निघाला, तर मी गाडी घेऊन येईन आणि सगळ्यांना परत आणीन. तेव्हा हट्ट करायचा नाही." बाबा हो म्हणाले. आईनं तेव्हाच सामान बांधायला घेतलं होतं.

पाऊस सरल्यावर आम्ही गेलो. कुडाचं घर, वर माडाच्या झापांचं छप्पर. सेसूच्या हट्टानं दार समुद्राकडे ठेवलं. बाहेर बसून सूर्य बुडताना बघायचा असं तिच्या मनात होतं. पहिल्याच आठवड्यात त्या दारातून वारा घरात शिरला, चुलीतली राख त्यानं भातावर पसरली, देव्हाऱ्यातली मारियेची तसबीर पालथी घातली आणि सेसूचा स्कार्फ चुलीत टाकला. बाबांनी ते दार बंद केलं आणि मागची भिंत फोडून पूर्वेला नवं दार काढलं. आजही बघा, जुन्या कळंबकरांची घरं समुद्राकडे पाठ करून बसलेली दिसतील. समुद्राकडे तोंड करून बसतात त्या पाहुण्यांसाठीच्या कॉटेजेस, आणि त्यांचे झाडूवाले दिवसभर झाडतच असतात.

वाऱ्यामुळे आम्ही सगळे मोठ्यानं बोलायला लागलो. निर्मळच्या वाडीत कसं, पानाआडून हळू हाक मारली तरी पोचायची. इथे बाजूला बसलेल्याला मीठ मागायचं तर ओरडावं लागे. ती सवय अजून गेलेली नाही. मी फोनवर बोलायला लागले की सून म्हणते, "आई, फोन ठेवा, नुसत्या बोललात तरी पोचेल." आणि जेवणाचं तर विचारूच नका. भाकरी थापायची ती ओलं फडकं अंगाभोवती धरून. कालवणावर झाकण, झाकणावर ताट, ताटावर दगड. एवढं करूनही घासात कचकच यायचीच, म्हणून आम्ही दात पुरते न मिटता चावायला शिकलो. सेसूच्या लग्नात तिच्या सासूनं मला बाजूला घेऊन विचारलं होतं, "तुझ्या बहिणीचे दात दुखतात का गं? हळूहळू चावते." मी म्हटलं, "नाही हो, आम्ही सगळी तशीच चावतो." ती बिचारी आणखीच घाबरली.

पाणी मात्र होतं! हेच तर नवल. वर सगळं कोरडं ठक्क, भाजलेल्या खापरासारखं, आणि वाळू थोडी उकरली की खाली गोडं पाणी. पण ते बेताचं. वसईत वाड्यांमधून बावखल खणतात ते तुम्ही पाहिलं असेल, पायऱ्या पायऱ्यांचा उथळ खड्डा, झारी बुडवून भरून आणायची. आमचं बावखल आणखीच उथळ. गोडं पाणी खाऱ्या पाण्यावर सायीसारखं पसरलेलं असतं, हावरेपणानं खोल गेलं की खालचं खारं वर आलंच म्हणून समजा. बाबा रोज उतरून जिभेवर थेंब ठेवायचे, डोळे मिटायचे आणि आम्ही वर श्वास धरून उभ्या. "गोडं!" असं ते ओरडले की आमच्या झाऱ्या खणखणत खाली. दुपारी वाळू तापली की पायांना ओल्या पोत्याचे तुकडे बांधून धावायचं. आमच्या शर्यती लागायच्या. सेसू लांब पायांची, पण मी झारी न सांडता धावायचे, म्हणून शेवटी जिंकायचे मीच.

बाबांनी पहिल्यांदा केळीच लावल्या. केळी नाही तर बागायतदार कसला! आठवडाभरात वाऱ्यानं त्या पानांच्या अशा चिंध्या केल्या की केळीच्या जागी झाडू उभे केल्यासारखं दिसायला लागलं. मग बाबा जमिनीवर उकिडवे बसून विचार करायचे. जे बुटकं राहील ते जगेल, असं त्यांनी ठरवलं. वांगी, मिरच्या आणि थोडी रताळी. आम्ही किनाऱ्यावरचं वाहून आलेलं शेवाळ आणून पसरलं, सुक्या मासळीची कुटी आणून कालवली. घाण वास! कुत्री आमच्यामागून चालायची. पण पावलाखाली वाळूचा रंग बदलायला लागला, पांढऱ्याची करडी, करड्याची काळपट झाली. सकाळी उठून आम्ही हातात घेऊन बघायचो, मुठीत धरली तर मूठ उघडल्यावर क्षणभर तशीच राहायची, आणि आई म्हणायची, "बघा, बघा, ऐकायला लागली!" पहिलं जांभळं वांग्याचं फूल आलं तेव्हा आम्ही चौघं त्याच्याभोवती उभे राहिलो आणि बाबांनी टोपी काढली. खोटं नाही सांगत.

आमची शेजारीण होती काशीबाय, मच्छीमारांच्या वस्तीतली. जीभ कोयत्यासारखी आणि मन लोण्यासारखं. तिला आमचं सगळंच गमतीचं वाटायचं. आई रोज सकाळी अंगण झाडायची तर काशीबाय कुंपणाशी उभी राहून म्हणायची, "काय गो मोनी, रेती झाडून खाली काय निघनार हाय? रेतीच ना?" आमच्या घरची बोली वेगळी, तिची वेगळी. आमची मी इथे शाळेच्या मराठीत लिहिते, नाहीतर माझी नातसुद्धा अर्धं वाचून सोडून देईल. काशीबायची मात्र तशीच ठेवते. तिची बदलली तर ती जिथे असेल तिथून मला ओरडेल.

आता चुकीकडे येते. नाताळ झाला, वांगी गुडघ्याला लागली, मिरच्यांना कळ्या दिसायला लागल्या. आणि काकीनं निरोप धाडला की आम्ही सगळे एकदा तुमची वाडी बघायला येतो. झालं! आईबाबा दोघांच्या अंगात निर्मळचा बागायतदार संचारला. आमच्याकडे वाडीत तण दिसणं म्हणजे कपाळावर शेंबूड दिसल्यासारखं. आणि आमच्या वाफ्यांच्या पलीकडे, समुद्राच्या बाजूच्या वाळूच्या उंचवट्यावर, सगळीकडे पसरलेली होती मर्यादवेल. तुम्ही पाहिली असेल, गुरांच्या खुरासारखी दुभंगलेली जाड पानं, जांभळी कर्ण्यासारखी फुलं, लांबच लांब दोरखंडं एकमेकांत गुंतलेली. ना खायची, ना विकायची, बकरीसुद्धा तोंड लावत नाही. आईला ती बघवेना. "पाहुणे येणार आणि हे रान?" मग आम्ही सगळ्यांनी कंबर बांधली. काय उत्साह होता त्या दिवसांत! दोरखंडं हातभर खेचली की पलीकडे कुठेतरी सळसळायची, मुळं पटापट सुटायची, चीक हाताला चिकटायचा. बाबा पुढे गाणं म्हणत आणि आम्ही मागे. पुरा उंचवटा आम्ही असा स्वच्छ केला, असा गुळगुळीत, की त्यावर परीट कपडे वाळत घालेल. उपटलेला पाला जाळायचं बाबांच्या वाट्याला आलं होतं. त्यांनी थोडा जाळला आणि उरलेला, कंटाळा आला म्हणून, न्हाणीच्या आडोशामागे ढकलून दिला. आई त्यावरून त्यांना रोज बोलायची. काशीबायनं ते सगळं बघितलं आणि म्हणाली, "वा! दर्याची हजामत केलीत!"

पाहुणे आले, काकीनं नाकाला पदर लावून वाडी बघितली, कुटीचा वास होता ना, पण पास्कूकाका वांग्यापाशी बराच वेळ वाकून बसले होते. जाताना ते बाबांना म्हणाले, "स्वच्छ ठेवलंयस." आमच्याकडे ह्याच्यावर शाबासकी नाही. आई तीन दिवस गुणगुणत होती.

आणि मग दुपारचे वारे सुरू झाले. माघ संपला की समुद्राकडून सुटतात ते. पहिल्या दिवशी उंचवट्यावरून धुरासारखं काहीतरी उठताना दिसलं. सेसू म्हणाली, "ढग खाली आला!" ढग कसला, वाळू! जमिनीलगत सरपटत, सापासारखी वळवळत, सुईसारखी पायांना टोचत. दुसऱ्या दिवशी मिरचीचा पहिला वाफा निम्मा बुजला. आम्ही उपसला. संध्याकाळी पुन्हा बुजला. उपसायचं, बुजायचं. वांग्यांच्या पानांना भोकं पडली, फुलं कळीतच करपली. बावखलाच्या काठावरून वाळूचे पाट खाली ओघळायला लागले, पाणी पिवळं झालं. उंचवटा दिवसागणिक आमच्याकडे चालत येत होता. इतके दिवस ज्याला आम्ही जमीन समजत होतो ते जणू झोपलेलं जनावर होतं आणि आम्ही त्याच्या अंगावरची गोधडी ओढून काढली होती. पण तेव्हा हे कुणाला कळलं? बाबा म्हणाले, "यंदा वारा जास्त आहे." आई म्हणाली, "कुणाची तरी दृष्ट लागली." मीठ-मिरच्या ओवाळून टाकल्या. आणि बुजलेल्या वाफ्यांवर बसून सेसू मोठ्यानं रडली, वाऱ्यामुळे मोठ्यानंच रडावं लागलं.

परवाच इथल्या एका कॉटेजवाल्यानं किनाऱ्याकडची वेल उपटायला माणसं लावली होती. "आजी, गेस्टना क्लीन बीच पाहिजे," असं तो मला म्हणाला, मुलगा चांगला आहे, मोटारसायकलवरून मला दवाखान्यातही सोडतो. मी काठी टेकत गेले आणि त्या माणसांना वेलीवर उभं राहूनच सगळी हकीकत सांगितली, ही आता तुम्हाला सांगतेय तशीच, मोठ्यानं. अर्ध्या हकीकतीतच त्या मुलानं काम थांबवलं. गोष्टीमुळे थांबवलं की आवाजामुळे, देव जाणे.

तर ईस्टरआधीचा उपवासकाळ निम्मा सरला आणि आमच्याकडे बाजारात न्यायला एक वांगं शिल्लक नव्हतं. काही झाडं वाळूतून मान काढून जिवंत होती एवढंच. कुणीतरी निर्मळला जाऊन सांगितलं असणार, कारण एका सकाळी, वारा निजलेला असताना, बैलांच्या घुंगरांचा आवाज आला. पास्कूकाका गाडी घेऊन आले होते. ते काही टोचून बोलले नाहीत. उतरले, बुजलेले वाफे बघितले, बाबांच्या खांद्यावर हात ठेवला. "इनास, तू कमी नाही केलंस. पण आता पोरींचे हाल नको. चल. उगाच ईस्टरची वाट कशाला बघायची?"

आईनं घरातली भांडी बाहेर आणायला सुरुवात केली. मला तो आवाज अजून ऐकू येतो, तांब्याच्या हंड्यात पळ्या टाकल्याचा. काका आणि बाबा पाटा-वरवंटा, पिठाचा डबा, कोंबड्यांचं खुराडं गाडीत चढवत होते. सेसूनं मारियेची तसबीर चादरीत गुंडाळली. आईनं चुलीवर पाणी ओतलं. चुलीनं चर्र केलं आणि आई क्षणभर तिथेच बसून राहिली. मग उठली. "न्हाणीचा आडोसा राहिला," ती म्हणाली. झापांचा तो आडोसा नवा होता, टाकून कोण जाईल? ती मागे गेली, बांधलेले दोर सोडले, झाप बाजूला केले.

आणि तिथूनच तिनं अशी किंचाळी फोडली की बैल दचकले!

"इनास! अहो! इकडे या! फिलू, सेसू, दादा, सगळे या!"

आम्हाला वाटलं साप. बाबा काठी घेऊन धावले. आई दोन्ही हात कंबरेवर ठेवून उभी होती. आडोशामागे बाबांनी कंटाळून टाकलेला मर्यादवेलीचा ढीग होता ना, तो न्हाणीच्या पाण्यावर जगला होता! नुसता जगला नव्हता, रुजला होता, त्याच्या दोरखंडांनी वाळूत पुन्हा पाय रोवले होते. इतके दिवस आम्ही तिथेच अंघोळ करत होतो, पण मध्ये आडोसा. आता आडोसा निघाला आणि बाजूनं दिसलं. ढिगाच्या समुद्राकडच्या अंगाला वाळू मांडीएवढी साचलेली. आणि अलीकडच्या अंगाला? काही नाही! काळपट जमीन, जशी आम्ही केली होती तशी, आणि तिच्यात झाडलोटीतून पडलेल्या बियांची मिरचीची रोपं टुमटुमीत उभी, पानावर एक भोक नाही.

आई त्या रोपांकडे बघत होती, मग उघड्या उंचवट्याकडे, मग पुन्हा रोपांकडे. "आपण काढली," ती म्हणाली. "आपण आपल्या हातानं काढली हो! तीच धरून बसली होती सगळं!"

बाबा म्हणाले, "आणि तू मला आळशी म्हणत होतीस."

"आळशी आहातच! देवानं सांभाळून घेतलं म्हणून!" आणि आई हसायला लागली, डोळ्यांत पाणी आणि तोंडभर हसू. मग एकदम तिनं पदर खोचला. "दादा, गाडी मोकळी करा."

पास्कूकाका भांबावले. "मोकळी? आत्ताच तर भरली."

"भरली ती उतरवू. मला गाडीभर वेल पाहिजे. पलीकडे खाडीच्या तोंडाशी अजून मुबलक आहे. वारा सुटायच्या आत उंचवटा झाकायचा."

"मोनी, वेडी झालीस का? ऊन चढलंय. आज झाकशील, उद्या काय?"

"एक खेप, दादा. एकच. वारा सुटल्यावर वाळू आत आली तर मी स्वतः गाडीत बसेन, बैलांच्या शेजारी बसेन म्हणा. शब्द देते."

काकांनी बाबांकडे बघितलं. बाबांनी आधीच खुराडं खाली काढलं होतं.

मग जी धावपळ झाली! असली मजा मी पुढे कुठल्या लग्नातही केली नाही. सामान अंगणात रचलं, गाडी खाडीकडे दौडवली. आई मागे उभी राहून ओरडत होती, "मुळं उपटायची नाहीत! शेपट्या कापा, मुळं राहू द्या!" बाबा कोयत्यानं सपासप कापत होते, सेसू आणि मी दोरखंडं गुंडाळून गाडीत फेकत होतो. परत आलो की उंचवट्यावर आडवे चर काढायचे, वेल पसरायची, वर ओली वाळू दाबायची, झारीनं पाणी. काका गाडीवर बसून फक्त बैल हाकणार होते. पहिल्या खेपेला खरंच बसून राहिले. पण बाबा वेल लावत होते ती वाकडीतिकडी, आणि काका म्हणजे आयुष्यभर सुतळीच्या रेषेत केळी लावणारा माणूस. थोडा वेळ त्यांनी सहन केलं. मग, "अरे, अशी नाही! पेरं खाली दाब, पेरं! मुळं पेरातून फुटणार!" असं म्हणत ते स्वतःच उतरले, धोतर खोचलं आणि बाबांना बाजूला सारून चर आखायला लागले. आई माझ्याकडे बघून भुवया उडवत होती. एकच खेप ठरली होती. दुसरी खेप आणायला काका स्वतः निघाले, कुणी सांगितलंसुद्धा नाही!

तेवढ्यात काशीबाय आली. "काय गो, परत दर्याला केस लावताव?" असं म्हणून पोट धरून हसली. पण हसता हसता घरी गेली आणि फाटकी जुनी जाळी डोक्यावर घेऊन आली. "हे टाका वरनं, नायतर तुमची येल वाऱ्यासंगती गुजरातेत जानार. आनि पानी दमानं वता, सगली रेती उघडी पडतेय." बोलता बोलता तीही गुडघ्यांवर बसून जाळीची टोकं काठ्यांना बांधायला लागली. न्हाणीचा तो नवा आडोसा सुटला होताच. बाबांनी त्याचे झाप सोडवून उंचवट्याच्या पुढ्यात ओळीनं उभे रोवले. आई मध्येच धावत गेली, विझलेली चूल पुन्हा पेटवली, सुके बोंबील निखाऱ्यावर टाकले आणि सकाळच्या भाकऱ्यांवर ठेवून सगळ्यांच्या हातात दिले. काकांनी उभ्याउभ्याच खाल्लं, एका हातात भाकरी आणि दुसऱ्या हातानं खुणा करत, "तिकडे, तिकडे, ते टोक उघडं राहिलंय!"

ते टोक आम्ही झाकत असतानाच पहिली झुळूक आली. माडांनी माना हलवल्या. सगळे उठून उभे राहिले. काशीबायनं कपाळावर हात धरला. आई वाफ्यांच्या अलीकडे जाऊन उभी राहिली, एकटी, वाऱ्याकडे तोंड करून, आणि आमच्यापैकी कुणीही तिच्या जवळ गेलं नाही.

मग वारा सुटला. नेहमीसारखाच, उगाच दया माया नाही. किनाऱ्यावरून पांढरे साप सरपटत निघाले. ते झापांवर आपटले, फुत्कार केले, वर उडाले. अर्धी वाळू तिथेच पायाशी बसली. उरलेली पुढे आली, वेलीच्या पानांत शिरली. पानं थरथरायला लागली, जाळी फुगली, एका काठीचा दोर तुटला आणि काकांनी झेप घालून तो हातानं धरला. "फिलू, काठी दे!" मी दिली. सेसूनं दगडानं ठोकली. आणि आम्ही बघत राहिलो, वेलीच्या पानांमधून वाळू खाली खाली जिरत होती, पीठ चाळणीतून गळावं तशी. अलीकडे थोडीशी आली. घोट्याएवढी उडाली, मग पावलाएवढी. आईच्या पायांपाशी येईपर्यंत तिच्यात जोर उरला नाही. आई वाकली, वरची वाळू सारून दोन्ही तळवे वाफ्यावर पसरून ठेवले आणि तसेच ठेवून राहिली. वारा तिच्या पाठीवरून जात होता. हातांवर काही साचलं नाही. ती वळली आणि तिनं आमच्याकडे बघून हात वर केले, काळपट मातीनं माखलेले, आणि काय सांगू, मी आणि सेसू किंचाळत नाचायला लागलो! काशीबायही नाचली. बाबा खाली बसले आणि टोपीनं तोंड झाकून घेतलं.

तेवढ्यानं पीक आलं असं नाही. ईस्टरला आमच्याकडे माल नव्हताच. वांगी पुन्हा धरली ती नंतर, पावसाच्या तोंडावर, आणि तोवर वेलीनं अख्खा उंचवटा स्वतःच्या मुळांनी शिवून टाकला होता. हे सगळं पुढचं. पण त्या संध्याकाळी अटीप्रमाणे गाडी भरायला हवी होती. आमचं सामान अंगणात तसंच पडलं होतं, कोंबड्या खुराड्यात ओरडत होत्या, बैल चारा खाऊन परतीच्या वाटेकडे तोंड करून उभे होते. पास्कूकाका हात धुऊन आले. सामानापाशी थांबले. बाबा काही बोलायला गेले, तर काकांनी हातानं थांबवलं. आईनं पुढे होऊन स्वतःच हंडा उचलायला हात घातला. वाळू आत आली नव्हती, म्हणजे तिनं दिलेला शब्द मिटला होता, पण ईस्टरची अट उरलीच होती.

काका वाकले आणि त्यांनी पाटा उचलला. आमच्याकडे पाट्याला पुरुष हात लावत नाहीत, गाडीत चढवताना लावला तेवढाच. जड पाटा पोटाशी धरून ते गाडीकडे न जाता दारात गेले, पूर्वेच्या त्या दारात, आणि वाकून आत शिरले. आतून त्यांचा आवाज आला, वारा असल्यामुळे मोठ्यानं.

"मोनी, हा कुठे ठेवू?"

आई अंगणात उभीच होती. इतक्या वर्षांत तिला हे कुणी विचारलंच नव्हतं.

"चुलीच्या उजव्या हाताला," ती म्हणाली. "आणि दादा, भिंतीला टेकवू नका. मला मागून झाडायला जागा लागते."

काकांनी तो उचलून थोडा पुढे ओढल्याचा आवाज आला. "असा?"

"आणखी थोडा," आई म्हणाली.